इन्नोकेन्ती स्मोक्तुनोव्स्की: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे नाव म्हणायचं कसं?

इन्नोकेन्ती मिखाइलोविच स्मोक्तुनोव्स्की. ‘स्मोक्-तु-नोव्-स्की’ असं तोडून दोनदा म्हटलं की जीभ वळते. मूळ आडनाव स्मोक्तुनोविच. नाटकात काम करू लागल्यावर, उत्तरेकडच्या नोरील्स्क शहरात असताना ते बदललं गेलं आणि पुढे तेच कायम राहिलं.

थोडक्यात सांगायचं तर कोण होते हे?

ग्रिगोरी कोझिन्त्सेव यांच्या 1964 च्या रशियन ‘हॅम्लेट’मधला हॅम्लेट. जगभरातले रसिक त्यांना ओळखतात ते त्या एका भूमिकेमुळे. खुद्द रशियात मात्र त्यांची ओळख बरीच मोठी आहे. तिथे ते दोस्तोयेव्स्कीचा मिश्किन आहेत, चेखवचा वान्या आहेत, मोटारी चोरणारा एक सज्जन विमा एजंट आहेत आणि संगीतकार चायकोव्स्कीही आहेत. 1956 ते 1994 या काळात शंभराहून अधिक पडद्यावरच्या भूमिका, आणि बरोबरीने अखंड चाललेलं नाटक.

मला हा नट अतिशय प्रिय आहे, हे आधीच सांगून टाकते. माणूस विचार करतोय, हे नुसत्या चेहऱ्यावर दाखवणारा त्यांच्या तोडीचा नट मी पडद्यावर क्वचितच पाहिला आहे.

जन्म कुठला, घरचं कुणी नाटकात होतं का?

जन्म 28 मार्च 1925, सायबेरियातल्या तोम्स्क भागातलं तात्यानोव्का हे खेडं. घर शेतकऱ्याचं, नाटकाचा दूरान्वयानेही संबंध नाही. दुष्काळाच्या दिवसांत खायची भ्रांत पडली तेव्हा मुलाला क्रास्नोयार्स्कला आत्याकडे पाठवलं. वाढला तो तिथेच.

ते युद्धात होते असं वाचलं. नक्की काय घडलं?

इथे थोडं सविस्तर सांगावं लागेल. पुढचं सगळं इथूनच सुरू होतं, असं मला वाटतं.

1943 मध्ये, वयाची अठरा वर्षं पुरी होताना, ते लाल सैन्यात दाखल झाले. कूर्स्कची लढाई पाहिली. नीपर नदी ओलांडण्याच्या धुमश्चक्रीत गोळीबारातून कागदपत्रं पलीकडे पोहोचवली. त्या कामगिरीचं शौर्यपदक हातात पडायला पुढे कितीतरी वर्षं लागली. त्याच वर्षाच्या अखेरीला कीव्हच्या परिसरात ते जर्मनांच्या हाती लागले.

महिनाभर कैदेत काढला. कैद्यांचा तांडा भर थंडीत पायी चालवला जात होता. उभं राहणं जमत नव्हतं, आणि मागे पडणाऱ्याचं काय होतं हे सगळ्यांनी पाहिलेलं होतं. एका पुलापाशी ते रांगेतून निसटले आणि पुलाखाली लपून बसले. डोक्यावरून अख्खा तांडा निघून गेला. अशक्त अवस्थेत ते एका युक्रेनियन खेड्यात पोहोचले आणि पहिल्या दिसलेल्या दारावर थाप मारली. दार एका बाईने उघडलं. पळालेल्या कैद्याला आसरा दिला तर शिक्षा काय, हे तिला माहीत असणारच. तरीही तिने त्यांना घरात घेतलं, लपवलं, खाऊपिऊ घातलं. थोडी ताकद आल्यावर ते गनिमी तुकडीला मिळाले, तिथून पुन्हा नियमित सैन्यात गेले, आणि युद्ध संपलं तेव्हा जर्मनीत होते. त्या घराशी त्यांनी जन्मभर संबंध ठेवला.

त्यांच्या भूमिका पाहताना हे दार माझ्या डोळ्यांपुढे येतं. मिश्किन काय किंवा मोटारचोर देतोच्किन काय, ही माणसं दुसऱ्याच्या चांगुलपणावर इतका सहज विश्वास टाकतात की इतरांना ती वेडी वाटावीत. स्मोक्तुनोव्स्कींनी तो चांगुलपणा एकदा स्वतःच्या जिवावर बेतलं असताना अनुभवला होता.

मग युद्ध संपल्यावर थेट मॉस्को का गाठलं नाही? नोरील्स्कसारख्या ठिकाणी का गेले?

शत्रूच्या कैदेत राहून आलेल्या सैनिकाकडे स्तालिनच्या काळात संशयानेच पाहिलं जाई. कोण कधी दार ठोठावेल याचा नेम नसे. क्रास्नोयार्स्कच्या नाट्यशाळेत थोडे दिवस काढून 1946 मध्ये ते नोरील्स्कच्या नाटक कंपनीत दाखल झाले. नोरील्स्क म्हणजे ध्रुववृत्ताच्याही वरचं, निकेलच्या खाणींचं, कैद्यांच्या श्रमातून उभं राहिलेलं शहर. यापुढे आणखी कुठे पाठवणार, असा तो हिशेब होता.

तिथे त्यांच्यासोबत काम करणाऱ्यांत गेओर्गी झ्झ्योनव होते. स्तालिनच्या श्रमछावण्यांत वर्षं काढलेला आणि नोरील्स्कला हद्दपार केलेला हा नट पुढे स्वतःही सोव्हिएत सिनेमात नावाजला गेला. कडाक्याची थंडी, महिनोन्‌महिने न उगवणारा सूर्य, ताज्या भाज्याफळांचा दुष्काळ. तब्येत ढासळली तेव्हा 1951 मध्ये त्यांनी नोरील्स्क सोडलं. मग कास्पियन किनाऱ्यावरचं माखच्काला, त्यानंतर स्तालिनग्राद. अशी दहाएक वर्षं आडगावच्या रंगमंचांवर गेली.

सिनेमात पहिलं काम कसं मिळालं?

1955 मध्ये ते मॉस्कोला आले. वय तीस. एकामागून एक नाट्यगृहांनी नकार दिला. अखेर मिखाइल रोम यांच्या ‘दांते रस्त्यावरचा खून’ या 1956 च्या चित्रपटात अगदी किरकोळ भूमिका मिळाली.

आणि पहिल्याच दिवशी ते अडखळले. मोजून चार वाक्यं, तीही तोंडातून निघेनात. टेकवर टेक वाया चालले, युनिट चुळबुळ करू लागलं, दुसरा कुणी आणा अशी कुजबुज सुरू झाली. रोम यांनी मात्र आवाज चढवला नाही. माणूस घाबरलाय, त्याला सावरू द्या, असं म्हणून त्यांनी वेळ दिला आणि तो प्रसंग त्यांच्याकडूनच करून घेतला.

सहा वर्षांनी याच रोमनी ‘एका वर्षातले नऊ दिवस’मध्ये त्यांना प्रमुख भूमिका दिली. अणुशास्त्रज्ञांवरचा तो चित्रपट 1962 चा. किरणोत्साराने हळूहळू संपत चाललेला, प्रयोग करणारा शास्त्रज्ञ गूसेव म्हणजे अलेक्सेई बतालव, आणि त्याचा मित्र, सिद्धांत मांडणारा मिश्कील शास्त्रज्ञ कुलिकोव म्हणजे स्मोक्तुनोव्स्की. दोघांचं प्रेम एकाच मुलीवर. एरवी असा दुसरा पुरुष कथेत नुसता आडवा येण्यापुरता असतो. इथे कुलिकोवचं हसणं आणि त्याची बेफिकिरी जरा निरखून पाहिली, की आतलं दुःख हळूच वर येताना दिसतं.

मिश्किनच्या भूमिकेबद्दल नाटकवाले इतकं भरभरून का बोलतात?

कारण त्या एका रात्रीत आडगावचा नट देशभर माहीत झाला. 31 डिसेंबर 1957, लेनिनग्रादचं बोल्शोई नाट्यगृह. दिग्दर्शक गेओर्गी तोवस्तोनोगव, नाटक दोस्तोयेव्स्कीच्या ‘इडियट’ या कादंबरीवरून, मिश्किन हा तिचा भाबडा नायक. त्याआधी ‘सैनिक’ या युद्धपटात स्मोक्तुनोव्स्कींनी लेफ्टनंट फार्बर केला होता. तोवस्तोनोगवना त्या चित्रपटातले त्यांचे डोळे आठवत होते. असे डोळे मिश्किनचेच, म्हणून त्यांनी बोलावून घेतलं.

तालमी मात्र भयंकर गेल्या. कंपनीतल्या कसलेल्या नटांना हा नवखा माणूस पुटपुटतोय असं वाटे, आणि त्यांना स्वतःला मिश्किन सापडत नव्हता. तो सापडला लेनफिल्म स्टुडिओच्या गर्दीत. माणसांची ये-जा चालली होती, आणि मधोमध एक गृहस्थ पुस्तक वाचत उभा होता, भोवतीच्या गलबल्यापासून पूर्ण अलिप्त. नंतर कळलं, की तो बरीच वर्षं छावणीत काढून आलेला होता. स्मोक्तुनोव्स्कींनी त्याची ती शांतता उचलली. चालणं बदललं, हात अंगाशी आले, आवाज खाली उतरला. ज्या प्रेक्षकांच्या घराघरांतून कुणी ना कुणी छावणीत गेलेलं होतं, त्यांना या मिश्किनमध्ये परत आलेला आपलाच माणूस दिसला असेल. नाटक संपल्यावर लोक उठत नसत ते काही उगाच नव्हे.

1966 मध्ये लंडन आणि पॅरिसच्या दौऱ्यासाठी हे नाटक पुन्हा उभं केलं गेलं, मिश्किन अर्थातच तेच.

‘हॅम्लेट’मध्ये असं काय विशेष आहे?

साल 1964, शेक्सपियरच्या जन्माचं चारशेवं वर्ष. कृष्णधवल, रुंद पडदा, सुमारे अडीच तासांची लांबी. संवाद बोरिस पास्तरनाक यांच्या भाषांतरातले, संगीत द्मित्री शोस्ताकोविच यांचं, ओफेलिया अनास्तासिया वेर्तीन्स्काया. आणि सगळीकडे समुद्र, दगड, लोखंड, आग.

रंगभूमीवर हॅम्लेटची स्वगतं म्हणजे नटाची परीक्षा. आवाज लावायचा, प्रेक्षागृह ताब्यात घ्यायचं. कोझिन्त्सेव यांनी नेमकं उलट केलं. पहिलं स्वगत आठवून पाहा. दरबार भरलेला आहे, नव्या राजाचं कौतुक चाललंय, आणि काळ्या पोशाखातला हॅम्लेट त्या गर्दीतून चालतो आहे. त्याचे ओठ मिटलेले आहेत. शब्द ऐकू येतात ते त्याच्या मनातले. बाजूने जाणारे दरबारी वाकून नमस्कार करतात. त्यांना काहीच ऐकू येत नाही, आपल्याला मात्र सगळं कळतं. सगळीकडे हेरांचे कान असताना माणूस मनातल्या मनात कसा बोलतो, हे त्या काळच्या सोव्हिएत प्रेक्षकाला वेगळं समजावून सांगायची गरज नव्हती.

दुसरा प्रसंग पाव्याचा. रोझेनक्रांट्झ आणि गिल्डेनस्टर्न हे जुने मित्र राजाच्या सांगण्यावरून त्याच्या मनाचा थांग लावायला आलेत. हॅम्लेट एकापुढे पावा धरतो आणि वाजवायला सांगतो. येत नाही म्हणतो तो. हे साधं लाकूड तुला वाजवता येत नाही, आणि माझ्या अंतःकरणाचे सूर काढायला निघालास? इतका वेळ खालच्या पट्टीत चाललेला आवाज इथे एकदम पेटतो. क्षणभरच. लगेच तो पुन्हा शांत होतो, आणि ती शांतता रागापेक्षा जास्त बोचते. मी हा तुकडा कितीदा मागे नेऊन पाहिला असेल. दरवेळी नजर पाव्यावरून त्यांच्या बोटांवर जाते.

शेवटी हा हॅम्लेट सिंहासनाशेजारी मरत नाही. तो गडाबाहेर, खडकांना टेकून, उजेडात मरतो.

आपल्याकडच्या ‘हॅम्लेट’शी याची तुलना होते का?

आपल्याकडे ‘हॅम्लेट’ आला तो गोपाळ गणेश आगरकरांच्या ‘विकारविलसित’मधून, 1883 मध्ये. शाहूनगरवासी नाटक मंडळीच्या गणपतराव जोशी यांनी त्यातला चंद्रसेन गाजवला. ती परंपरा भारदस्त वाणीची, शब्द शेवटच्या रांगेपर्यंत फेकण्याची. कॅमेऱ्याविना, ध्वनिक्षेपकाविना हजारभर माणसांपुढे उभं राहायचं म्हटल्यावर ते योग्यच होतं. स्मोक्तुनोव्स्कींचा हॅम्लेट कॅमेऱ्यापासून हातभर अंतरावर आहे. दोघांना एका तराजूत घालण्यात अर्थ नाही. पण ‘विकारविलसित’ वाचून मग हा चित्रपट पाहिला, तर एकाच मजकुरातून दोन किती वेगळे राजपुत्र निघतात ते कळतं.

त्यांनी विनोदी भूमिका केल्या का?

एक तर अशी केली की रशियात ती हॅम्लेटइतकीच लाडकी आहे. एल्दार रियाझानव यांचा 1966 चा ‘मोटारीपासून सावध’. युरी देतोच्किन हा विमा एजंट लाच खाणाऱ्यांच्या आणि काळाबाजारवाल्यांच्या व्होल्गा गाड्या चोरतो, विकतो आणि पैसे अनाथालयांना पाठवतो. हिशेब चोख, स्वतःला छदाम नाही. ही भूमिका रियाझानवनी आधी विदूषक-नट युरी निकुलिन यांना डोळ्यांपुढे ठेवून कल्पिली होती. स्मोक्तुनोव्स्कींना तब्येत बरी नसल्यामुळे काम नको होतं, बरीच मनधरणी करावी लागली.

गंमत अशी, की देतोच्किन हौशी नाटक मंडळात जातो, आणि तिथे बसतं कोणतं नाटक, तर ‘हॅम्लेट’. हॅम्लेट देतोच्किन, आणि लाएर्टीस त्याच्याच मागावर असलेला पोलीस तपासनीस, म्हणजे ओलेग येफ्रेमव. दोन वर्षांपूर्वी खराखुरा हॅम्लेट केलेला नट इथे एका भाबड्या हौशी कलाकाराचा हॅम्लेट करतो, आणि त्या भाबडेपणाची कुठेही टिंगल होऊ देत नाही. शेवटच्या दृश्यात शिक्षा भोगून आलेला, केस भादरलेला देतोच्किन ट्रॉलीबस चालवणाऱ्या ल्यूबाला काचेपलीकडून सांगतो, ‘ल्यूबा, मी परत आलो.’ हसता हसता घसा दाटून येतो.

मोझार्टही त्यांनीच केला आणि सालिएरीही, हे खरं?

खरं. पुश्किनच्या ‘मोझार्ट आणि सालिएरी’ या छोट्या शोकांतिकेवर बेतलेल्या 1962 च्या ऑपेरापटात ते मोझार्ट होते. 1979 मध्ये मिखाइल श्वेत्सर यांनी रशियन टीव्हीसाठी केलेल्या ‘छोट्या शोकांतिका’मध्ये सालिएरी झाले, आणि त्याच मालिकेत कंजूष सरदारही. दोन्ही पाठोपाठ पाहावेत असं मी आवर्जून सांगते. विष घालणाऱ्याच्या डोळ्यांतही त्यांनी कलेवरचं खरंखुरं प्रेम ठेवलंय. म्हणून तो सालिएरी जास्त भीतीदायक वाटतो.

श्वेत्सर यांच्याच ‘मृत जीव’मध्ये (1984) ते चिंध्या पांघरलेला प्ल्यूश्किन झाले. हॅम्लेटचा राजपुत्र तो हाच, हे ओळखायला क्षणभर लागतो.

1970 साली त्यांचे तीन मोठे चित्रपट आले म्हणतात?

हो, आणि तिन्ही माणसं अगदी निरनिराळी. इगोर तालान्किन यांचा ‘चायकोव्स्की’ ऑस्करच्या परभाषिक चित्रपटांच्या नामांकनापर्यंत गेला. लेव कुलिद्झानव यांच्या ‘गुन्हा आणि शिक्षा’मध्ये ते तपास अधिकारी पोर्फीरी पेत्रोविच आहेत. जॉर्जी तारातोर्किन यांच्या तरुण रास्कोल्निकवला हा पोर्फीरी आरडाओरडा न करता, जवळजवळ मायेने कोपऱ्यात नेतो. तिसरा आंद्रेई कोन्चालोव्स्की यांचा ‘वान्या मामा’, समोर डॉक्टर अस्त्रोव म्हणून सेर्गेई बोंदार्चुक.

तिन्हींत माझं मन वान्यावर. आयुष्य दुसऱ्याच्या जमाखर्चात गेलं हे सत्तेचाळिसाव्या वर्षी कळलेला माणूस. गुलाबांचा गुच्छ घेऊन तो खोलीत येतो, तर जिच्यासाठी आणला ती दुसऱ्याच्या मिठीत. पुढे काय करावं हे त्याला कळत नाही, आणि त्या गोंधळात त्याची लाज आपल्यालाच वाटू लागते.

दिग्दर्शक आंद्रेई तारकोव्स्कीच्या चित्रपटात ते दिसत कसे नाहीत?

‘आरसा’मध्ये (1975) ते दिसतच नाहीत. आई, घर, बालपण आठवणाऱ्या नायकाचा आवाज त्यांचा आहे. किंचित लांबवलेले स्वर, वाक्य संपता संपता सोडून दिल्यासारखा श्वास. त्यांच्या आवाजाची चाहत असलेल्याने हा चित्रपट एकदा नुसता ऐकावा.

‘मॉस्कोचा अश्रूंवर विश्वास नाही’ मध्ये ते एका मिनिटासाठी येतात का?

येतात, आणि स्वतःच्याच नावाने. कथा 1958 मधली. चित्रपट महोत्सवाबाहेर तारे बघायला जमलेल्या मुलींजवळ एक साधासा, अनोळखी नट उभा आहे. त्या विचारतात तेव्हा तो नाव सांगतो, स्मोक्तुनोव्स्की. मुलींच्या चेहऱ्यावर ओळखीची खूण उमटत नाही. चित्रपट आला तोवर देशात हे नाव माहीत नसलेलं घर सापडणं कठीण होतं.

शंभर चित्रपट म्हणजे सगळेच चांगले का?

नाही. काहींत ते प्रसंगापुरते येतात, काही चित्रपट मुळातच कच्चे आहेत. 1965 मध्ये त्यांनी लेनिनचीही भूमिका केली, ती मी एकदा पाहिली आणि पुन्हा पाहावीशी वाटली नाही. पण छोट्या कामांतही हाती काही लागतंच. निकिता मिखाल्कव यांच्या ‘काळे डोळे’मध्ये (1987) समोर इटलीचा नामवंत नट मार्चेल्लो मास्त्रोयान्नी असतानाही त्यांचा प्रांताधिकारी लक्षात राहतो.

नाटक तर त्यांनी सोडलंच नाही. 1973 मध्ये माली नाट्यगृहात त्सार फ्योदर, आणि 1976 पासून येफ्रेमव यांच्या मॉस्को आर्ट थिएटरमध्ये. सुरुवात चेखवच्या ‘इवानव’ने.

मानसन्मान?

‘हॅम्लेट’साठी 1965 चं लेनिन पारितोषिक, त्याच भूमिकेसाठी ब्रिटिश चित्रपट अकादमीचं (बाफ्टा) नामांकन, 1974 मध्ये सोव्हिएत संघाचा लोककलाकार हा किताब, 1990 मध्ये समाजवादी श्रमवीर. 4926 क्रमांकाच्या लघुग्रहाला त्यांचं नाव आहे.

शेवटचा चित्रपट कोणता?

3 ऑगस्ट 1994 ला मॉस्कोजवळच्या एका आरोग्यधामात त्यांचं निधन झालं. वय 69. दफन नोवोदेविची स्मशानभूमीत. अमेरिकन लेखक रे ब्रॅडबरी यांच्या कादंबरीवरचा ‘डँडेलियन वाइन’ तेव्हा अपुरा होता, तो 1997 मध्ये आला. ध्वनिमुद्रण राहून गेलं होतं, म्हणून त्यांचे संवाद तरुण नट सेर्गेई बेझ्रुकव यांनी त्यांच्याच ढंगात म्हटले.

पाहायला सुरुवात कुठून करू?

‘मोटारीपासून सावध’ पासून. दीड तासाचा आहे, हलका आहे, आणि एकदा हा माणूस आवडला की पुढचं आपोआप होतं. त्यानंतर ‘नऊ दिवस’, मग ‘वान्या मामा’. मॉस्कोच्या मॉसफिल्म स्टुडिओने आपले बरेच जुने चित्रपट यूट्यूबवर इंग्रजी सबटायटल्ससह ठेवले आहेत, ते शोधा. ‘हॅम्लेट’ लेनफिल्मचा आहे. तो फोनवर पाहू नका. मोठा पडदा किंवा निदान टीव्ही मिळेल त्या दिवसासाठी राखून ठेवा, रात्री, दिवे मालवून. पहिल्या खेपेला सबटायटल्स वाचून घ्या, आणि दुसऱ्या खेपेला बंद करून फक्त त्यांचा चेहरा बघा.